आमचा मैल

९ मार्च १८६४

कागद मिळेनासा झाला आहे, म्हणून हे कोऱ्या बिल्ट्यांच्या, म्हणजे मालाच्या पावत्यांच्या, पाठीवर लिहितो. बिल्ट्यांना मात्र तोटा नाही. उत्तरेशी लढाई सुरू होण्याआधी मी दहा हजार छापून घेतल्या, तेव्हा माझी बायको लव्हिनिया हसली होती. आता हसावं तिने. आमचा लुशियन व्हर्जिनियातून परत आला की हे सगळे कागद त्याच्या हातात देणार आहे. तो तिकडे लढत होता तेव्हा इकडे त्याचा बाप हातावर हात ठेवून बसला नव्हता, हे त्याला कळू दे.

आज नगरसभेत मोठी लढाई झाली आणि ती मी जिंकलो.

सरकारने रेल्वेच्या कामासाठी मेजर हॅस्क्यू नावाचा एक अधिकारी पाठवला आहे. वय तिशीच्या आत, आणि बोलणं असं, की जणू आगगाडीचा शोध यानेच लावला. त्याचं म्हणणं असं : दक्षिणेची गाडी आमच्या टॅलिसन गावाच्या खालच्या टोकाला थांबते, उत्तरेची गाडी वरच्या टोकाहून सुटते, आणि मधला एक मैल सगळा माल गाड्यांवर लादून खेचरांकरवी ओढून न्यावा लागतो, ही लाजिरवाणी गोष्ट आहे. तेव्हा मेन स्ट्रीटवरून रूळ टाकायचे आणि दोन्ही स्टेशनं जोडून टाकायची.

लाजिरवाणी म्हणे! या मैलावर हे गाव उभं आहे. आम्ही सगळे त्याला 'आमचा मैल' म्हणतो. ऑरिन बीझलीचं हॉटेल, दोन खाणावळी, तीन लोहार, तबेले, हमाल आणि माझे बावीस गाडे, सगळे त्या मैलाचंच खातात. गावातून रूळ नेण्यास मनाई करणारा ठराव बावन्न साली झाला, त्याचा मसुदा माझ्या हातचा आहे आणि मला त्याचा अभिमान आहे.

मी उभा राहिलो. ठिणग्यांनी छपरं पेटतील, खेचरं बुजतील, रविवारच्या प्रार्थनेत इंजिनाच्या शिट्ट्या ऐकाव्या लागतील, सगळं मांडलं. मग म्हणालो, "आणि मेजर, रूळ जोडून तुमचा डबा पुढे जाणार कसा? खालच्या दोन रुळांमधलं अंतर वरच्यांपेक्षा साडेतीन इंचांनी जास्त आहे. माल उतरवायचा तो उतरवावाच लागणार."

सभेत हशा पिकला. पोरगं लाल झालं, पण गप्प बसलं नाही. "उतरवावा लागेल ना. पण या डब्यातून शेजारच्या डब्यात. वीस पावलं, मिस्टर टिलरी. मैल नव्हे."

"मग आम्ही काय वीस पावलं खायची?" बीझली मागून ओरडला.

सात विरुद्ध दोन. प्रस्ताव पडला. जाताना मेजर मला म्हणाला, "खेचर बुजतं त्याची तुम्हाला काळजी आहे. व्हर्जिनियात माणसं आठवडाभर अर्ध्या शिध्यावर आहेत." मी म्हणालो, माझा मुलगाही तिथेच आहे, मला शिकवू नका.

१५ मार्च

लुशियनचं पत्र आलं. मला एक, त्याच्या आईला एक. तिचं ती स्वयंपाकघरात नेऊन वाचते आणि दाखवत नाही, मीही विचारत नाही.

माझ्या पत्रात चेष्टाच जास्त. "बाबा, रोज संध्याकाळी आम्ही विचारतो, खारवलेलं मांस कुठे आहे? भांडारवाला म्हणतो, टॅलिसनला. मका कुठे आहे? टॅलिसनला. आता सगळी पलटण मला 'मिस्टर टॅलिसन' म्हणते. परवा एकजण म्हणाला, तुझं गाव खाऊन खाऊन फुटत कसं नाही रे? मी सांगितलं, माझ्या बापाचे गाडे घड्याळासारखे चालतात, दोष रेल्वेवाल्यांचा. बरोबर सांगितलं ना?"

अगदी बरोबर. शाबास.

३ एप्रिल

लष्कराने आज माझी चोवीस खेचरं तोफा ओढायला नेली. बदल्यात एक कागद दिला. आता दहा गाडेच चालू शकतात. आणि याच लष्कराचा मेजर दुपारी माझ्या आवारात येऊन विचारतो, की खालच्या धक्क्यावरचा मका का हलत नाही!

मी त्याला घेऊन गेलो. मका खरंच वाईट दिसत होता. वरच्या थरातल्या पोत्यांतून हिरवे कोंब बाहेर आले होते आणि एक गाय ते खात होती. मेजर नुसता गायीकडे बघत राहिला.

"याची बिल्टी आणा, उद्या हलवतो," मी म्हणालो.

"बिल्टी कोलंबियाच्या स्टेशनात राहिली. मका समोर आहे. तुम्हाला दिसतोय."

"मला दिसून काय उपयोग? वर पोचल्यावर ताब्यात घेणारा विचारेल, कुणाचा, कुठला, किती. बिल्टी नाही तर माल नाही. माझ्या आवारात बारा वर्षं हाच कायदा आहे. बिल्टीशिवाय मी बायबलसुद्धा हलवणार नाही."

गेल्या बारा वर्षांत टिलरीच्या गाड्यावरून एक खिळा चोरीला गेलेला नाही. पण हे मेजरला कोण सांगणार? त्याला सगळं पळत करायला हवं.

११ एप्रिल

खेचरांच्या चाऱ्याची सोय अखेर झाली. आतल्या मुलखातल्या एका मिठाच्या व्यापाऱ्याला घरकामाला बाई हवी होती, त्याला आमच्या घरची गुलाम डायना दिली आणि त्याने चारा दिला. लव्हिनिया दोन दिवस तोंड पाडून बसली आहे. म्हणते, "विकलीत ना तिला?" विकली म्हणणं बरोबर नाही. तीन वर्षांच्या कराराने दिली.

डायनाचा नवरा प्रॉस्पर हा माझा सगळ्यात जुना गाडीवान. समजूतदार माणूस. आकांडतांडव केलं नाही. फक्त संध्याकाळी खेचरं सोडल्यावर टोपी हातात घेऊन आला.

"मालक, कुठल्या गावाला गेली तेवढं कळलं असतं तर."

"कागद बघून सांगतो," मी म्हणालो.

"बरं मालक."

लुशियनला लहानपणी लगाम धरायला शिकवलं ते यानेच. पाच वर्षांचा पोर याच्या मांडीवर बसून सगळा मैल गाडा हाकायचा. असे जुने लोक आता मिळत नाहीत.

१० मे

व्हर्जिनियात पुन्हा मोठी लढाई पेटली आहे. जखमींची पहिली गाडी आज वरच्या स्टेशनात आली. इस्पितळ खालच्या स्टेशनाजवळ, म्हणजे त्यांनाही आमचा मैल ओलांडायचा आहे. सगळा गाव धावला. बायकांनी सूप नेलं, चादरी फाडून पट्ट्या केल्या. लव्हिनियाने रताळ्याची कॉफी नेली, नाहीतरी खऱ्या कॉफीची चव सगळे विसरलेच आहेत. मीही चार गाडे फुकट दिले.

ती परत आली तेव्हा हात धूतच राहिली. "मालाच्या डब्यांतून आणलंय हो त्यांना," म्हणाली. "गवतसुद्धा नाही खाली."

प्रत्येक माणसाच्या तोंडाकडे बघून आली. लुशियन त्यात नव्हता.

१३ मे

आज चौथी गाडी. धावणारा गाव आता चालत जातो. लव्हिनियाला तापाने घेरलं आहे, तिला मी उठू दिलं नाही.

मेजर हॅस्क्यू आला. दाढी वाढलेली, शर्टाला कुणाचं तरी रक्त. "मिस्टर टिलरी, दहाच्या दहा गाडे मला हवेत. फलाटावर दोनशे माणसं उन्हात पडली आहेत."

मी म्हणालो, देतो. रीतसर मागणी द्या, माणसांची यादी द्या, कोण कुठे पोचवायचा ते लिहा, म्हणजे मी बिल्ट्या करतो. चार गाडे फुकट दिले त्या दिवशी एक माणूस बीझलीच्या ओसरीवर उतरवला गेला, दोन कुणाच्या परसात, आणि इस्पितळवाले माझ्यावर ओरडले. असं चालणार नाही. बाकी गाड्यांवर तंबाखू आणि कापूस लागलेला आहे, त्याची बिल्टी आठवड्यापूर्वीची आहे. मी शब्द मोडत नाही.

"ती माणसं आहेत हो!"

"म्हणूनच म्हणतो. कापसाची गाठ हरवली तर भरून देता येते."

टोपी घालून तो निघाला. रिचमंडला सरकारकडे जातो, म्हणाला, आणि वरून हुकूमच आणतो, मेन स्ट्रीट उखडून रूळ टाकतो, मग तुमची नगरसभा काय करते ते बघू. जा म्हणावं. मी स्टेशनच्या कारकुनाला विचारलं, जखमींच्या बिल्ट्या तू का करत नाहीस? तो म्हणाला, माणूस म्हणजे माल नव्हे, माणसाला तिकीट लागतं. मग तिकीट का देत नाहीस? तर म्हणे, तिकिटाचे पैसे कोण भरणार? तेव्हा दोष माझा एकट्याचा नाही, हे नमूद करून ठेवतो.

१६ मे

आज शिस्त म्हणजे काय ते दाखवावं लागलं.

दुपारी मेन स्ट्रीटवर चर्चसमोर प्रॉस्परचा गाडा दिसला. वरून खाली रिकामा यायला हवा होता. त्यावर चार माणसं आडवी पडलेली, एकाचा हात खांद्यापासून गेलेला. मी हात वर करून गाडा थांबवला.

"बिल्टी?"

"नाही मालक."

"ही कितवी खेप?"

"पहिलीच. मालक, दुसरी खेप करू द्या, एकच. फलाटावर आपला..."

"एक शब्द नाही."

"मालक, ऐकून तर घ्या, तिकडे फलाटावर..."

"एक शब्द बोलायचा नाही म्हणून सांगितलं ना!" रस्त्यावरचे लोक बघत होते. बीझली ओसरीवर उभा होता. आज चार जखमी, उद्या चार पोती मीठ. गाडीवानाने स्वतःच्या मनाने माल उचलायला सुरुवात केली की धंदा संपला. मी काही दगड नाही. त्या चौघांना चर्चच्या सावलीत उतरवून घेतलं, पाणी पाजलं, आणि इस्पितळाला निरोप धाडला.

विल्मिंग्टन बंदराच्या तटबंदीच्या कामाला लष्कराला माझ्याकडचा एक माणूस द्यायचाच होता. तीनच्या गाडीने प्रॉस्परला पाठवून दिलं. त्याने खालच्या स्टेशनात तमाशा केला. इतका शांत माणूस, पण शिपायांच्या हातून दोनदा सुटून माझ्याकडे आला, दोन्हीदा त्यांनी तोंड दाबून मागे ओढला, आणि तिसऱ्यांदा डब्यातून ओरडला, "बाईंना सांगा! बाईंना तरी वरच्या स्टेशनात पाठवा!" माझ्या घरातल्या भांडणात माझ्या बायकोला ओढतो! डायना गेली तेव्हा लव्हिनियाने डोळे पुसले, त्याने हा चढलेला.

लव्हिनियाला मी यातलं काही बोललो नाही. तिचा ताप आज जरा उतरला आहे.

१७ मे

सगळे गाडे अडवून एकेक बिल्टी स्वतः तपासली. त्यात अर्धा दिवस गेला, पण एकही चूक सापडली नाही. समाधान वाटलं.

१८ मे

लुशियन वरच्या स्टेशनात होता. १५ तारखेच्या गाडीने आला होता. लव्हिनिया आज उठून सूप घेऊन गेली, तिला सापडला. पहाटे गेला, म्हणाले. अंग अजून पुरतं थंड झालं नव्हतं, असं ती म्हणते.

घरापासून एक मैलसुद्धा नाही.

२२ मे

काल मातीत ठेवला. बीझलीने पेटीला लाकूड दिलं. नगरसभेने दुःखाचा ठराव केला, एकमताने.

पोटात गोळी होती. डॉक्टर म्हणतो, त्याच दिवशी इस्पितळात आणला असता तर कदाचित. मी त्याला म्हणालो, कदाचित हा शब्द तुमच्याजवळच ठेवा.

स्टेशनच्या कारकुनाकडे गेलो. आमच्या पोराने नाव सांगितलं नाही तुला? "सांगितलं होतं," म्हणाला. "म्हणाला, मी टिलरींचा मुलगा, घरी निरोप द्या. पण साहेब, त्या फलाटावर प्रत्येकजण कुणाचा ना कुणाचा मुलगा आहे. मी एकटा. कुणाकुणाच्या घरी जाऊ?" त्याच्या कानाखाली वाजवली. मग तो रडायला लागला आणि मी घरी आलो.

तीन दिवस. माझे गाडे रोज सहा वेळा त्या फलाटापाशी जात होते. गाडीवानांना विचारलं, तुम्हाला दिसला नाही? म्हणाले, दाढी वाढलेली, तोंडावर माशा, आणि आम्हाला खाली बघून माल उचलायची शिकवण आहे. प्रॉस्परला दिसला असणार. मग तो बोलला का नाही? तोंड नव्हतं त्याला? एवढं कळायला नको, की अशा वेळी माणसाने मालकाचा राग बाजूला ठेवून सरळ सांगावं?

हे लिहून झाल्यावर वाचलं. खोडत नाही.

२७ मे

आज एक सैनिक घरी आला. टेक्ससचा, डावा हात नाही, अंगावर कुणाचा तरी मोठा कोट. लव्हिनियाने दार उघडलं. त्याला आमच्या मुलाबद्दल सांगायचं होतं, दोन दिवस फलाटावर शेजारी पडला होता म्हणून. तिने त्याला खुर्ची दिली, मक्याचा पाव दिला. मी आतून बाहेर आलो तेव्हा तो घास धरूनच थांबला.

"तुम्हीच ना ते? बिल्टी विचारणारे?"

लव्हिनियाने माझ्याकडे पाहिलं. मग त्याच्याकडे वळून म्हणाली, "सांगा तुम्ही. सगळं सांगा."

त्याने सांगितलं. लुशियन त्यांना सारखा धीर देत होता. माझ्या बाबांचे गाडे येतील, घड्याळासारखे येतात, जरा दम धरा. १६ तारखेला एक काळा गाडीवान आला आणि लुशियनला बघून गुडघ्यांवरच बसला. याला उचलायला लागला, तर हाच म्हणाला, "आधी या चौघांना ने प्रॉस्पर, त्यांचं काही खरं नाही. मी काय, गावातलाच." गाडीवान ऐकेना. मग याने त्याला जवळ ओढून कानात काहीतरी सांगितलं, बराच वेळ. "घरचा निरोप असावा बाई. ते ऐकून तो माणूस रडत होता. मग आम्हाला चौघांना उचललं त्याने. 'हा गेलो आणि हा आलो, धाकटे मालक,' असं ओरडत गेला."

"मग?" लव्हिनियाने विचारलं.

टेक्ससवाला माझ्याकडे बघत राहिला. मग मीच सांगितलं तिला, पुढचं.

ती ओरडली नाही. पाव उरला होता तो फडक्यात बांधून त्याच्या खिशात घातला, त्याला दारापर्यंत पोचवलं. आल्यावर म्हणाली, "त्याने काय निरोप दिला ते प्रॉस्परला माहीत आहे. त्याला परत आणा."

९ जून

विल्मिंग्टनहून आलो. प्रॉस्पर तिथे नाही. आठ दिवसांपूर्वी पळाला, होडीतून उत्तरेच्या, यांकींच्या गलबताकडे गेला, असं मुकादम सांगतो. पकडून देणाऱ्याला इनाम लावू का, असं त्याने विचारलं. मी नको म्हणालो.

लव्हिनिया दारातच होती. माझं तोंड बघून आत गेली. आम्ही आता एका टेबलावर जेवतो, आणि ती मीठ हवं असलं तर उठून स्वतः घेते.

२ ऑगस्ट

मेजर हॅस्क्यू हुकूम घेऊन परत आला. मेन स्ट्रीट उखडायची. नगरसभा म्हणाली, उखडा. बीझलीसुद्धा म्हणाला. मी मतदानाला गेलो नाही, कारण माझ्याकडे सगळे कसे बघणार ते मला ठाऊक होतं.

संध्याकाळी मेजर आवारात आला. मी म्हणालो, "टाका रूळ. माझी माणसं घ्या, खेचरं घ्या. उद्या सुरू करा."

"रूळ नाहीत," तो म्हणाला.

"म्हणजे?"

"मार्चमध्ये होते. कोलंबियाला दोन मैलांचे पडून होते, तुमच्यासाठीच राखून ठेवले होते मी. एप्रिलमध्ये दुसरीकडे गेले. आता सगळ्या दक्षिणेत नवा रूळ बनत नाही. जुने उपटून जुन्यांना ठिगळं लावतोय." तो खोक्यावर बसला. त्याला हिवताप झाला आहे. "तुम्ही ती सभा जिंकायला नको होती, मिस्टर टिलरी. फार छान बोललात तुम्ही."

टोमणा मारत होता असं वाटलं नाही, आणि तेच जास्त लागलं.

११ नोव्हेंबर

बिल्ट्यांचा दुसरा गठ्ठा सोडला. पहिला लिहून संपला.

लव्हिनिया रोज खालच्या स्टेशनात जाते. कुणी काळा माणूस विल्मिंग्टनकडून आला की त्याला प्रॉस्परबद्दल विचारते. लोक म्हणतात, टिलरीबाईंच्या डोक्यावर परिणाम झाला. झालेला नाही. तिचं डोकंच तेवढं या घरात शाबूत आहे.

आज मला म्हणाली, "तुम्हाला काय वाटतं, काय निरोप असेल?" सहा महिन्यांत पहिल्यांदा आपणहून बोलली. मी म्हणालो, तुझ्यासाठीच असेल काहीतरी. "हो," म्हणाली, "माझ्यासाठीच असणार." आणि मला वाटलं, माझ्यासाठीही असू शकतो.

१९ एप्रिल १८६५

संपलं सगळं. यांकींची पलटण काल गावात शिरली. गोळी एक सुटली नाही. लढायला होतं कोण?

२४ एप्रिल

त्यांनी रूळ टाकले. मेन स्ट्रीटवरून, चर्चसमोरून, माझ्या आवाराच्या फाटकाला घासून. पाच दिवसांत. लोखंड जहाजाने आणलं, लाकूड गावातच तोडलं, तीनशे माणसं लावली. खालचा मार्गसुद्धा एका बाजूचा रूळ आत सरकवून साडेतीन इंच अरुंद करताहेत. म्हणजे डबा सरळ जाईल, कुणी काही उतरवायला नको. हे असं करता येतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. का सांगितलं होतं, मी ऐकलं नाही, आता आठवत नाही.

पहिली गाडी आज दुपारी गेली. बीझली ओसरीवर उभा होता. गाडी थांबली नाही. तो मला म्हणाला, "गेली रे, अँब्रोज," आणि आत जाऊन दार लावून घेतलं.

खेचरं बुजली नाहीत.

२५ एप्रिल

सकाळी लव्हिनिया धावत आली. धावत, या वयात. "तो आहे. रूळवाल्यांत आहे. चर्चपाशी. मी बोलले नाही, मला धीर होईना. तुम्ही जा. तुम्ही विचारा."

गेलो. प्रॉस्पर हातोडा घेऊन घाईत टाकलेल्या रुळांचे राहिलेले खिळे ठोकत होता. जाड झाला आहे, का ताठ झाला आहे, कुणास ठाऊक. त्याने मला बघितलं, हातातला खिळा पुरा ठोकला आणि मगच उभा राहिला.

"प्रॉस्पर," मी म्हणालो, "बरा आहेस ना?"

"बरा आहे, मिस्टर टिलरी."

'मिस्टर टिलरी' म्हणाला. मी ऐकून घेतलं. काय काय बोलायचं ते रस्त्यात ठरवून आलो होतो. म्हणालो, त्या दिवशी माझी चूक झाली. हे वाक्य मी आयुष्यात कुणापुढे बोललो नव्हतो. मग म्हणालो, "लुशियनने तुझ्यापाशी काही निरोप दिला होता. त्याची आई वर्षभर वाट बघते आहे."

त्याने हातोडा या हातातून त्या हातात घेतला.

"डायना कुठे आहे ते मी शोधून देतो," मी म्हणालो. "कागद बघतो आणि..."

"एक वर्ष झालं," तो म्हणाला, "तुम्ही कागद बघताय. राहू द्या आता. मी विचारत विचारत जाणार आहे. हा मार्ग पुरा झाला की जाणार."

"मग निरोप तेवढा सांग. माझ्यासाठी नको सांगू. बाईंसाठी सांग."

त्याने कपाळ पुसलं. तो आता बोलणार असं वाटलं. डोळ्यांत पाणी होतं, ते मी बघितलं, खोटं लिहीत नाही. मग शेजारच्या माणसाने नवा खिळा पुढे केला आणि त्याने तो घेतला.

"त्या दिवशी सांगत होतो, मिस्टर टिलरी," तो म्हणाला. "तीन वेळा सांगत होतो. आज नाही."

"प्रॉस्पर, मी हात जोडतो."

"बाजूला व्हा. लागेल तुम्हाला."

मी बाजूला झालो. तो ठोकू लागला. मी तिथे किती वेळ उभा होतो माहीत नाही. मग त्यांचा मुकादम आला आणि म्हणाला, "आजोबा, रुळांतून निघा."

घराकडे येताना ठरवलं, खोटं बोलायचं. त्यात पाप असलं तर माझ्या बाकीच्यांत ते खपून जाईल. लव्हिनिया पायरीवर बसली होती. मला बघून उठली, केस सारखे केले, एखाद्या पाहुण्यासमोर करतात तसे.

"भेटला?"

"भेटला."

"बोलला?"

"बोलला." मी तिच्या शेजारी उभा राहिलो. "लुशियन म्हणाला होता, आईला सांग, मला फार दुखत नाही. आईला सांग, मी तिची आठवण काढत होतो."

तिने डोळे मिटले. मला वाटलं, निभावलं. मग तिने डोळे उघडले.

"'आईला सांग' म्हणाला?"

"हो."

"हेच शब्द?"

"हेच. प्रॉस्परने जसेच्या तसे सांगितले."

"तो मला कधीच आई म्हणाला नाही हो," ती म्हणाली. "बोलायला लागला तेव्हापासून त्याने माझं एक नाव ठेवलं होतं. पत्रातसुद्धा तेच लिहायचा. या घरात वीस वर्षं दिवसातून पन्नास वेळा त्याने त्याच नावाने मला हाका मारल्या. काय म्हणायचा, सांगा बघू?"

मी आठवू लागलो. त्याचा आवाज आठवला, जिन्यावरून धावत येणं आठवलं, दार आपटणं आठवलं, नाव तेवढं आठवेना. ती वाट बघत उभी होती, आणि मी खरोखरच आठवत होतो. मग ती आत गेली.